कूलंट टेंपरेचर सेन्सर: घरी तपासावा, पण घरीच बदलावा का?

मूळ मांडणी (परभणी, गाडीमालक)

गेल्या मे महिन्यात माझ्या दहा वर्षे जुन्या पेट्रोल गाडीचा रेडिएटरचा पंखा चावी फिरवताच पूर्ण वेगाने सुरू होऊ लागला, एसीतून गरम हवा येऊ लागली आणि डॅशबोर्डवर इंजिनाचा पिवळा दिवा लागला. परभणीच्या उन्हात माणसाला आधी एसी आठवतो, म्हणून मी प्रथम एसीवाल्याकडे गेलो. त्याने गॅस भरून दोन हजार रुपये घेतले, पण एसी होता तसाच राहिला. मग एका गॅरेजमध्ये पंख्याची मोटर, रिले (तिचा विजेचा स्विच) आणि थर्मोस्टॅट (रेडिएटरकडे जाणारे कूलंट, म्हणजे इंजिन थंड ठेवणारा द्रव, इंजिन तापेपर्यंत अडवणारी झडप) असे तिन्ही बदलावे लागतील असे सांगून अकरा हजारांचा अंदाज देण्यात आला. यांपैकी नेमके काय बिघडले आहे, असे विचारले तेव्हा "बदलल्यावर कळेल" असे उत्तर मिळाले.

त्या उत्तरानेच मला थांबवले. शेजाऱ्यांकडून गाडीच्या संगणकातले आकडे आणि बिघाडाचे कोड वाचणारा, ब्लूटूथवर चालणारा लहान स्कॅनर आणला आणि रात्रभर अंगणात उभ्या असलेल्या गाडीला पहाटे, इंजिन सुरू न करता, फक्त चावी देऊन जोडला. आत येणाऱ्या हवेचे तापमान ३१ अंश दिसत होते आणि कूलंटचे उणे ४०. कोड पी०११८ होता, म्हणजे कूलंटचे तापमान मोजणाऱ्या सेन्सरच्या सर्किटमध्ये व्होल्टेज जास्त. या सेन्सरच्या आत तापमान वाढले की विद्युतरोध कमी होणारा थर्मिस्टर असतो. ईसीयू (इंजिन चालवणारा संगणक) त्याला ५ व्होल्टची ओळ देतो आणि तिच्यावर उरणाऱ्या व्होल्टेजवरून तापमान ठरवतो. सर्किट कुठेही तुटले की रोध अमर्याद होतो आणि ईसीयूच्या हिशेबात इंजिन अतिशीत ठरते. उणे ४० हा आकडा तेथून येतो. मापावर विश्वास ठेवता येत नाही म्हटल्यावर इंजिन तापू नये म्हणून अनेक गाड्यांमध्ये ईसीयू पंखा सतत चालवतो आणि एसीचा कॉम्प्रेसर बंद ठेवतो. म्हणजे माझा एसीही ठीक होता आणि पंखाही.

आता दोष सेन्सरचा की वायरिंगचा, हे ठरवायचे होते. मी सेन्सरचा कपलर (तारांचा प्लग) काढून त्यातील दोन पिना वायरच्या तुकड्याने जोडल्या, तेव्हा स्कॅनरवरचा आकडा उणे ४० वरून थेट १४० च्या आसपास गेला. वायरिंग शाबूत असल्याखेरीज तसे होऊच शकत नाही, त्यामुळे संशय सेन्सरवर आला. ४८० रुपयांचा सेन्सर आणि १९ नंबरचा पाना घेऊन पाऊण तासात काम झाले. माझे मत असे आहे की हे काम सावध गाडीमालकाने घरीच करावे, कारण अंदाजाने सुटे भाग बदलत जाण्याच्या पद्धतीला दुसरा आळा नाही.

प्रतिसाद (जालना, गॅरेजचालक)

आपले निदान अचूक आहे आणि त्याबद्दल आपले कौतुकच आहे, परंतु "हे काम घरीच करावे" हा सल्ला सर्वांना देण्यास माझा स्पष्ट विरोध आहे. बावीस वर्षे मी हेच काम करतो आहे.

सेन्सर पितळेचा असतो आणि तो इंजिनाच्या ज्या हेडमध्ये (वरच्या भागात) किंवा थर्मोस्टॅटच्या हाउसिंगमध्ये बसतो ते बहुधा अॅल्युमिनियमचे असते. हाताने सरळ बसवण्याऐवजी पहिल्याच फेऱ्याला पाना लावला की आटे तिरके जातात आणि मऊ अॅल्युमिनियम पितळेपुढे हार मानते. माझ्याकडे अशी गाडी आली होती. मालकाने गळती थांबावी म्हणून सेन्सर आवळत नेला होता, त्याच्या गळ्याशी अॅल्युमिनियमची चकचकीत कीस लोंबत होती आणि खालून कूलंट ठिबकत होते. चारपाचशेच्या कामासाठी त्यांना पूर्ण हाउसिंग बदलावे लागले. नव्या गाड्यांत तर हे हाउसिंग प्लास्टिकचे असते आणि सेन्सर आट्यांवर नव्हे, तर क्लिप आणि ओ-रिंगवर (रबरी कड्यावर) बसतो. तेथे पाना चालवणारा माणूस काय करून बसेल, ते सांगायला नको.

दुसरे, आपण कपलरमध्ये वायर खुपसल्याचे लिहिले आहे. आपला सेन्सर दोन पिनांचा होता म्हणून निभावले. काही गाड्यांत त्याच सेन्सरमधून डॅशबोर्डवरच्या तापमानाच्या काट्यालाही तार जाते आणि पिना तीन किंवा चार असतात. तेथे भलत्या पिना जोडल्या तर नुकसान होऊ शकते. शिवाय मल्टिमीटरची जाड सुई कपलरच्या पुढून खुपसली की आतील पत्र्याची पकड सैल होते आणि पुढे खड्ड्यातून गेल्यावर अधूनमधून दिवा लागत राहतो. तो दोष शोधण्यात माझा अर्धा दिवस जातो.

तिसरी गोष्ट हवेची. सेन्सर काढताना कूलंट सांडले आणि आत हवा अडकली, तर सेन्सरच्या टोकाशी पाण्याऐवजी वाफ असते. काटा शांत दिसतो आणि आत हेड तापत असते. समृद्धी महामार्गावर तासभर सलग वेगाने गाडी पळवणाऱ्या माणसाला हे कळेपर्यंत हेड गॅस्केट (हेडखालचे सील) गेलेले असते.

राहिला प्रश्न "बदलल्यावर कळेल" या उत्तराचा. ते चुकीचेच आहे, पण ते का दिले जाते हेही समजून घ्यावे. आपल्या भागात ग्राहक वस्तूचे पैसे देतो, बिघाड शोधल्याचे देत नाही. तासभर स्कॅनर आणि मीटर लावून "तुमची एक तार उंदराने कुरतडली होती, ती जोडली" असे सांगितले आणि तीनशे रुपये मागितले, तर "नुसती तार जोडायचे तीनशे?" असे ऐकावे लागते. मग कारागीर वस्तू बदलतो, कारण तिच्यात त्याची मजुरी निघते.

प्रतिसाद (अंबाजोगाई, शिक्षिका)

मी रोज शाळेसाठी साठ किलोमीटर गाडी चालवते आणि मूळ मांडणीतील निष्कर्षाशी सहमत नाही, पण माझे कारण जालन्याच्या दादांहून वेगळे आहे.

माझ्या गाडीतही कूलंटशी संबंधित कोड आला होता. एका परिचितांनी आपल्यासारखाच अनुभव सांगून सेन्सर बदलण्याचा सल्ला दिला आणि मी तो बदलून घेतला. आठ दिवसांत दिवा पुन्हा लागला. तेव्हा कोठे मी कोड नीट वाचला. तो पी०१२८ होता. या कोडचा अर्थ इंजिन ठरलेल्या वेळेत पुरेसे तापत नाही असा आहे. मग मी चालत्या गाडीतले आकडे बहिणीला वाचायला सांगितले. गावातल्या गर्दीत ८८ अंश, मोकळ्या रस्त्यावर वेग घेतला की हळूहळू ६८, आणि परत गावात शिरले की चढती. सेन्सर बिघडला असता तर तो रस्ता पाहून बिघडला नसता. थर्मोस्टॅट उघडाच अडकला होता आणि वाऱ्याने रेडिएटर इंजिनाला गरजेपेक्षा जास्त थंड करत होता.

म्हणून माझे म्हणणे असे की घरी जे करायचे ते निदान, आणि तेही पूर्ण करायचे. पी०११७ म्हणजे व्होल्टेज नको तितके कमी, पी०११८ म्हणजे जास्त, पी०११९ म्हणजे जोड कधी लागतो कधी सुटतो, पी०११६ म्हणजे आकडा येतो पण इंजिनाच्या स्थितीशी जुळत नाही. यांतला एकही कोड "सेन्सर बदला" असे सांगत नाही. एवढे कळले की पुढचे काम कारागिराला देण्यात कमीपणा नाही.

प्रतिसाद (लातूर, शेतकरी)

सगळे सेन्सरवर बोलत आहेत, पाण्यावर कोणीच बोलत नाही. आमच्याकडे रेडिएटर कमी दिसला की बोअरचे पाणी ओतण्याची सवय आहे. ज्या पाण्याने चहाच्या पातेल्यात पांढरा थर बसतो, तेच पाणी इंजिनात गेल्यावर वेगळे काय होणार? मी जीपचा सेन्सर काढला तेव्हा त्याच्या टोकावर चुन्यासारखी टणक टोपी बसलेली होती आणि नखाने निघत नव्हती. ती टोपी उष्णता अडवते, त्यामुळे सेन्सर चांगला असूनही आकडा मागे राहतो. नवा सेन्सर बसवून तेच पाणी चालू ठेवले, तर वर्षभराने पुन्हा तेच होणार. आधी आतले पाणी काढा, डिस्टिल्ड वॉटरने धुवा, तयार कूलंट भरा आणि मग सेन्सरकडे बघा. हिरवे-लाल पाहून कूलंट मिसळू नये, गाडीच्या पुस्तकात लिहिलेलेच वापरावे.

प्रतिसाद (छत्रपती संभाजीनगर, वाळूजमधील कारखान्यात इलेक्ट्रॉनिक्स तंत्रज्ञ)

लातूरकरांचा मुद्दा खरा असला तरी तो येथे लागू होत नाही. क्षारांच्या थराने सेन्सर मंदावतो, पण त्याने सर्किट तुटून उणे ४० येत नाही.

जालन्याच्या गॅरेजचालकांनी दाखवलेले धोके खरे आहेत, पण ते टाळता येणार नाहीत असे मुळीच नाही. इंजिन रात्रभर थंड होऊ द्यावे. रेडिएटरचे झाकण सुमारे १ बारचा दाब धरून ठेवते आणि त्याच दाबामुळे कूलंट शंभर अंशांच्या वर जाऊनही उकळत नाही, म्हणून गरम इंजिनावर ते कधीही उघडू नये. उघडल्या क्षणी आतला द्रव अंगावर उसळतो. थंड इंजिनाचे झाकण एकदा उघडून दाब सोडावा आणि परत घट्ट लावावे. मग नवा सेन्सर वॉशर चढवून एका हातात तयार ठेवायचा, जुना शेवटच्या आट्यापर्यंत सैल करायचा, काढताच भोकावर अंगठा ठेवायचा आणि नवा हाताने फिरवत बसवायचा. झाकण बंद असल्याने आत हवा सहज शिरत नाही आणि कपभरापेक्षा जास्त कूलंट क्वचितच जाते. आटे हाताने तळापर्यंत गेले नाहीत तर परत उलटे फिरवून पहिल्यापासून सुरुवात करावी, पाना फक्त शेवटच्या पकडीसाठी.

त्यानंतर कमी झालेले कूलंट भरून इंजिन सुरू करावे आणि हीटरची कळ पूर्ण गरमवर फिरवावी. मराठवाड्यात ही कळ वर्षानुवर्षे कोणी हलवत नाही, पण अनेक गाड्यांत ती फिरवल्याशिवाय हीटरच्या छोट्या रेडिएटरमधून कूलंट वाहतच नाही आणि तिथली हवा तिथेच राहते. पंखा आपोआप सुरू होऊन आपोआप बंद होईपर्यंत गाडीपाशी उभे राहावे.

एक दुरुस्ती मूळ लेखकांना. जुना सेन्सर काढल्यावर आपण तो मीटरने मोजला का? सर्रास आढळणाऱ्या सेन्सरांचा रोध २० अंशांना अडीच हजार ओहमच्या आसपास आणि ८० अंशांना तीनशेच्या आसपास असतो. नेमके आकडे गाडीप्रमाणे बदलतात. पातेल्यात पाणी तापवत, थर्मामीटर धरून हा रोध सलग उतरतो का हे पाहिल्याशिवाय सेन्सरला दोषी ठरवू नये, कारण कपलरवरचा हिरवा गंज पुसूनही पुष्कळ वेळा काम भागते. ते पातेले मात्र पुन्हा स्वयंपाकघरात नेऊ नये, कारण कूलंटमधील इथिलीन ग्लायकॉल विषारी असते.

प्रतिसाद (हिंगोली, गाडीमालक)

विषारी म्हटले म्हणून लिहितो. ते चवीला गोड असते. अंगणात सांडलेले कूलंट कुत्र्याने चाटले आणि ते दगावले, हे मी आमच्याच वाड्यात पाहिले आहे. गोठा जवळ असेल तर खाली घमेले ठेवल्याशिवाय सेन्सरला हात लावू नका, आणि सांडलेच तर भरपूर पाण्याने लगेच धुवा.

मूळ लेखकाचे उत्तर (परभणी)

जुना सेन्सर मी मोजला नव्हता. आज फडताळातून काढून मोजला, मीटर काहीच दाखवत नाही, म्हणजे आतून तुटलेलाच आहे. पण मी आधी बदलला आणि नंतर सिद्ध केला, ही चूक मान्य करतो. आपल्या सेन्सरला किती पिना आहेत हे न मोजता कोणी माझे अनुकरण करू नये, हेही मान्य.

जालन्याच्या मुद्द्यावर मात्र मी ठाम आहे. शोधल्याचे पैसे ग्राहक देत नाही, हे खरे. पण दर लिहून न ठेवता कोणी देणार तरी कसे? मला एसीचा अनावश्यक गॅस दोन हजारांना पडला. कोणी पहिल्याच दिवशी "तपासणीचे पाचशे, आकडे कागदावर लिहून देतो" असे म्हटले असते, तर मी आनंदाने दिले असते.

प्रतिसाद (जालना, गॅरेजचालक)

हे रास्त आहे. तपासणीचा दर मी उद्याच भिंतीवर लिहीन आणि स्कॅनरचे आकडे बिलावर देईन.

माझ्या बाजूनेही एक गोष्ट कबूल करतो. रात्रभर उभ्या गाडीत कूलंटचे आणि आत येणाऱ्या हवेचे तापमान जवळजवळ सारखे असले पाहिजे. दोन-चार अंशांचा फरक चालतो, पंधरा-वीसचा नाही. कोड न येता हळूहळू चुकू लागलेला सेन्सर याच तुलनेत सापडतो. काही गाड्यांत तर ईसीयू स्वतःचा ठरावीक आकडा पुढे करतो आणि गरम इंजिनावर सगळे ठीक दिसते. ही तुलना मला गॅरेजमध्ये करता येत नाही, कारण गाडी माझ्या दारात येते तीच तापून, आणि दुपारच्या उन्हात उभी राहिलेली गाडी संध्याकाळपर्यंतही निवत नाही. तेव्हा सेन्सर कोण बदलतो हा प्रश्न बाजूला ठेवा, पण गाडी माझ्याकडे आणायची असेल तर त्या दिवशी पहाटे, इंजिन सुरू करण्याआधी, ते दोन आकडे लिहून आणा.