विभागीय चौकशी प्रलंबित असताना निवृत्तिवेतन व उपदान (ग्रॅच्युइटी)

प्रश्न: माझे वडील नाशिकमधील एका राज्य शासकीय कार्यालयातून निवृत्त झाले. दोषारोपपत्र निवृत्तीपूर्वीच मिळाले होते आणि चौकशी अजून रेंगाळलेली आहे. ‘चौकशी संपू द्या, मग सगळे एकदम मिळेल’, असे कार्यालयात सांगतात. आईच्या औषधांचा खर्च मोठा आहे. तोवर खरोखरच काही मिळत नाही का?

उत्तर: ताई, हे सांगणे नियमाला धरून नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 मधील नियम 130 नुसार, चौकशी प्रलंबित असली तरी अर्हताकारी सेवेवर (निवृत्तिवेतनासाठी मोजल्या जाणाऱ्या सेवेवर) देय ठरणाऱ्या कमाल निवृत्तिवेतनाइतके तात्पुरते निवृत्तिवेतन द्यावे लागते. उपदान मात्र अंतिम आदेश निघेपर्यंत मिळत नाही. वडिलांच्या सहीने, नियमाचा उल्लेख करून, कार्यालयप्रमुखांकडे लेखी अर्ज द्या आणि दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का व तारीख घेतल्याशिवाय परतू नका.

प्रतिसाद: भविष्य निर्वाह निधी ही त्यांच्याच वर्गणीची रक्कम आहे. त्यासाठी वेगळा अर्ज करावा.

प्रतिसाद: दोषारोपपत्र निवृत्तीनंतर दिले असते, तर याच नियमांतील नियम 27 प्रमाणे शासनाची मंजुरी लागली असती आणि 4 वर्षांपूर्वीच्या घटनेवर चौकशी सुरू करता आली नसती. तुमच्या बाबतीत ही मर्यादा लागू होत नाही, म्हणून चौकशी लवकर पूर्ण करण्याची मागणी शिस्तभंगविषयक प्राधिकाऱ्याकडे (शिक्षेचा अधिकार असलेल्या अधिकाऱ्याकडे) लेखी करावी. निवृत्त माणसाला असे ताटकळत ठेवणे मला अन्यायाचेच वाटते.

प्रश्नकर्ती: आभारी आहे. तिन्ही अर्ज सोमवारी देते.