तुमच्या लायब्ररीत गेम कसा आला? कोल्हापूरकरांचे अनुभव

गंगावेशकर

कोल्हापुरात पीसीवर खेळत मोठी झालेली आमची पिढी गेम विकत घेत नव्हती, भरून घेत होती. पेनड्राइव्ह नाहीतर हार्ड डिस्क घेऊन ओळखीच्या दुकानात जायचं, ‘चार-पाच गेम भरून द्या’ म्हणायचं, मे महिना निघायचा. आता त्याच पोरांना पगार आहे, काहींना पोरं आहेत, आणि बहुतेकांचं स्टीमवर, म्हणजे पीसी गेमच्या ऑनलाइन दुकानात, खातं आहे. परवा कट्ट्यावर विषय निघाला, तर लायब्ररीत, म्हणजे खात्यावरच्या गेमच्या यादीत, गेम यायच्या वाटा प्रत्येकाच्या वेगळ्या. कुणी विकत घेतलेला, कुणी डब्यातली की (गेम खात्यावर चढवायचा छापील कोड) टाकलेली, कुणी फुकटात उचललेला, कुणाचा भावाच्या खात्यातून वाटून आलेला.

तेच इथं लिहा. ‘भारी आहे, घ्या’ एवढंच नको. कुठं अडलं, काय केलं, ते सांगा. क्रॅकच्या, म्हणजे कुलूप तोडलेल्या चोरीच्या गेमच्या, लिंका टाकल्या तर उडवणार.

माझं थोडक्यात: २०१५ च्या नोव्हेंबरात स्टीमवर भारतासाठी रुपयात किमती आल्या, त्यानंतर मी पहिला गेम घेतला. त्याआधी भाव डॉलरमध्ये दिसायचा आणि परदेशी व्यवहार चालणारं कार्ड लागायचं. आमच्या घरात तसलं कार्ड म्हणजे वडिलांच्या कपाटातला विषय. आता यूपीआयनं पैसे जातात, मेल येतो, गेम लायब्ररीत. यात सांगण्यासारखं काही उरलेलं नाही, म्हणून तुमचं वाचायला बसलोय.

शाहूपुरी दुरुस्ती

माझं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान आहे, त्यामुळं माझ्यापेक्षा गिऱ्हाइकांचे अनुभव जास्त.

पहिला प्रकार जुन्या डब्यांचा. रद्दीत किंवा मित्राकडं गेमचा डीव्हीडी डबा मिळतो, आत की छापलेली असते. स्टीमची की बहुतेक वेळा पाच-पाच अक्षरांच्या तीन गटांत असते. वरच्या ‘गेम्स’ मेन्यूत ‘अ‍ॅक्टिव्हेट अ प्रॉडक्ट’ आहे, तिथं ती टाकायची, संपलं. पण की एकदाच चालते. ज्याच्या खात्यावर ती पहिल्यांदा पडली, गेम त्याचा झाला. नंतर डबा दहा हात फिरू दे, नाहीतर कुणी सोन्याच्या ताटात आणून देऊ दे, दुसऱ्या खात्यावर ती चढत नाही. त्यामुळं वापरलेल्या डब्याला मी गिऱ्हाइकाला एक रुपयाही द्यायला सांगत नाही.

दुसरा प्रकार जास्त वाईट. ‘ऑफलाइन आयडी’ म्हणून एक धंदा चालतो. नवा महागडा गेम, दुकानात तीन-चार हजारांचा, आणि कुणीतरी मेसेजवर शे-दोनशेत देतो. देतो म्हणजे काय, तर त्याच्या खात्याचं नाव आणि पासवर्ड. तुम्ही आत शिरायचं, गेम उतरवायचा आणि स्टीम ‘ऑफलाइन मोड’वर टाकून खेळायचं. तोच आयडी त्यानं आणखी कितीजणांना विकलेला असतो देव जाणे. एक दिवस पासवर्ड बदलतो, किंवा स्टीम पुन्हा ऑनलाइन यायला सांगतं, आणि पोरगं माझ्याकडं येतं, ‘दादा, गेम उडाला, परत आणून द्या.’ अरे बाबा, तो तुझ्या लायब्ररीत कधी आलाच नव्हता. तू दुसऱ्याच्या घरात बसून जेवत होतास. वर स्टीमच्या नियमात खातं विकणं किंवा दुसऱ्याला देणं बसतच नाही, त्यामुळं तक्रार कुणाकडं करणार?

आता कामाचं. विंडोज नव्यानं टाकायची म्हटली की लोकांच्या पोटात गोळा येतो, सगळे गेम परत उतरवावे लागणार म्हणून. गेम डी ड्राइव्हवर असतील आणि तो ड्राइव्ह पुसला नसेल तर काही लागत नाही. स्टीम टाका, सेटिंगमध्ये ‘स्टोरेज’ला जाऊन तो जुना फोल्डर दाखवा, गेम आहेत तसे लायब्ररीत दिसतात. मित्राच्या मशिनमधून आणायचा असेल तर गेमचा फोल्डर ‘स्टीमअ‍ॅप्स’मधल्या ‘कॉमन’मध्ये टाका आणि मग इन्स्टॉल दाबा. स्टीम आधी असलेल्या फायली तपासतं आणि कमी पडेल तेवढंच ओढतं. आणि २०२३ पासून एकाच वायफायवरच्या दोन मशिनमध्ये थेट पाठवायची सोयही आहे. अट एकच, गेम दोघांच्याही खात्यात पाहिजे. फायली कुठूनही आणा, मालकी खात्यावर बघतात.

पेठेतला स्टॉपर

भावा, ते ऑफलाइन आयडीचं लई खरं बोललास. आमच्या गल्लीत निम्मी पोरं त्यातच अडकल्यात.

माझं फुटबॉलचं. शाहू स्टेडियमवर मॅच, रात्री घरी फिफा. मी फिफा २२ सेलमध्ये घेतला. दोस्त म्हणाला, आणि स्वस्त होऊ दे, मग घेतो. २०२३ च्या सप्टेंबरात ईएनं, म्हणजे फिफा गेम काढणाऱ्या कंपनीनं, फिफाचं नाव सोडून एफसी २४ काढला आणि जुने फिफा ऑनलाइन दुकानातनं काढून टाकले. दोस्त बसला वाट बघत. माझ्या लायब्ररीत होता तो अजून आहे, वाटेल तेव्हा उतरवतो. दुकानातनं गेला म्हणजे घेतलेल्याकडनं जात नाही, हे त्याला पटेचना, शेवटी समोर उतरवून दाखवला.

एक ध्यानात ठेवा, स्टीमवर घेतला तरी चालू करताना ईएचं अ‍ॅप उघडतंय. तिथलं खातंबी लागतंय. लायब्ररी एकाची, दार दुसऱ्याचं.

गंगावेशकर

जीटीए व्हाइस सिटीचंही तसंच झालं की. २०२१ मध्ये तीन जुन्या जीटीएंची नव्यानं केलेली ट्रिलॉजी आली तेव्हा जुने तिन्ही दुकानातून काढले. आधी घेतलेल्यांकडं ते राहिले.

कुंभार गल्ली

मी जरा मोठं लिहितो.

ऑरेंज बॉक्स नावाचा डबा २००७ मध्ये आला होता. हाफ-लाइफ २, त्याचे दोन भाग, पोर्टल आणि टीम फोर्ट्रेस २, सगळं एकात. मी तो पुण्याहून मागवलेला. डीव्हीडी असली तरी स्टीमचं खातं काढून की टाकल्याशिवाय तो चालतच नव्हता. त्या वेळी फार राग यायचा. बीएसएनएलचं नेट, त्यावर अपडेट उतरायला रात्र जायची, आणि मी म्हणायचो, डबा माझ्या हातात आहे तर परवानगी कसली मागताय?

२०१९ च्या ऑगस्टमध्ये पंचगंगेचं पाणी आमच्या तळमजल्यात शिरलं. आम्ही आधी माणसं हलवली, मग कागदपत्रं, मग देव. पीसी टेबलावर ठेवून गेलो होतो, टेबलासकट बुडाला. पाणी ओसरल्यावर घरात गुडघाभर चिखल. डीव्हीडींचा सगळा खण लगदा झालेला, तो खोऱ्यानं बाहेर काढला. गेमचा विचार तेव्हा कुणाच्या डोक्यात असणार.

पुढच्या वर्षी लॉकडाउनमध्ये पुतण्याचा लॅपटॉप हाताशी होता, म्हणून जुनं खातं उघडायला गेलो. पासवर्ड आठवेना. ‘मेलवर कोड पाठवलाय’ म्हणतंय, आणि तो मेल माझ्या आधीच्या नोकरीतला, कधीच बंद झालेला. मोबाइल नंबर त्या खात्याला जोडलेलाच नव्हता.

सपोर्टला लिहिलं. त्यांनी खातं तुमचंच आहे याचा पुरावा मागितला. विकत घेतलेलं कार्ड असेल तर त्याची माहिती, नाहीतर डब्यातल्या कीचा फोटो, कीशेजारी तक्रारीचा नंबर हातानं लिहून. डबा तर पंचगंगेला गेला! पण आमच्या आईची सवय, कुठल्याही वस्तूचं छापील पत्रक ती पिशवीत घालून माळ्यावर टाकते. मिक्सरची वॉरंटी, पंख्याचं कार्ड, गॅसच्या पावत्या. त्या पिशवीत ऑरेंज बॉक्सचं पत्रक सापडलं, त्याच्यावर की. नंबर लिहिला, फोटो काढला, पाठवला. खातं परत मिळालं, आत सगळे गेम होते, डीव्हीडीशिवाय.

तेव्हापासून खात्याला स्वतःचा चालू मेल, नंबर आणि मोबाइलवरचा स्टीम गार्ड, म्हणजे लॉगिनला पासवर्डशिवाय लागणारी दुसरी खातरजमा. गार्ड सुरू करताना एक रिकव्हरी कोड मिळतो, तो कागदावर लिहून आईच्या पिशवीत. २०२१ च्या जुलैत पाणी पुन्हा आलं, तेव्हा ती पिशवी माझ्याआधी तिनंच उचलली होती.

शाहूपुरी दुरुस्ती

कुंभार गल्ली, मावशींना नमस्कार सांगा. माझ्या दुकानात येणाऱ्या दहांतल्या निम्म्या जणांना आपल्या खात्याचा मेल कुठला, हेच माहीत नसतं.

हॉस्टेल ब्लॉक बी

माझ्याकडे पीसी नव्हता तेव्हापासून लायब्ररी आहे :)

२०२० च्या मे महिन्यात एपिकच्या, म्हणजे स्टीमसारख्याच दुसऱ्या ऑनलाइन दुकानात जीटीए ५ फुकट होता. इतकी गर्दी झाली की साइट बराच वेळ उघडेना. मी मोबाइलच्या ब्राउझरवरूनच उचलला. तेव्हापासून एपिकवर दर आठवड्याला जे फुकट येतं ते मोबाइलवरून ‘घेऊन ठेवायचं’. उतरवायचं काही नाही, फक्त लायब्ररीत टाकायचं. नोकरी लागल्यावर लॅपटॉप घेतला तेव्हा शंभराच्या वर गेम वाट बघत होते. त्यातले खेळलो किती, ते विचारू नका.

स्टीमवर फुकटातले दोन प्रकार असतात, ते नीट बघा. ‘फ्री वीकेंड’ म्हणजे शनिवार-रविवार खेळा आणि सोमवारी बंद. ‘फ्री टू कीप’ म्हणजे त्या मुदतीत बटण दाबलं की कायमचा. २०२४ च्या नोव्हेंबरात हाफ-लाइफ २ ला वीस वर्षं झाली म्हणून तो असा कायमचा वाटला होता. आमच्या हॉस्टेलच्या ग्रुपवर मी दोनदा ओरडून सांगितलं, तरी अर्धे लोक ‘नंतर बघू’ म्हणाले.

राजारामपुरीची आई

मी खेळत नाही, पण पैसे माझ्याकडून जातात म्हणून लिहिते. मुलगा आठवीत. त्याला तेरा पूर्ण होईपर्यंत मी खातं काढू दिलं नाही, कारण स्टीमची तीच अट आहे. त्याच्या वर्गातल्या मुलांनी जन्मसाल खोटं टाकून कधीच काढली होती, आणि मी घरातली खलनायिका.

२०२४ मध्ये ‘स्टीम फॅमिलीज’ आलं, ते मात्र मला आवडलं. एका घरातली सहा खाती एकत्र येतात. मिस्टरांनी घेतलेले गेम मुलाच्या लायब्ररीत दिसतात, पण त्याचा खेळ कुठवर आलाय ते त्याच्या खात्यात वेगळं राहतं. कोणते गेम दिसावेत आणि दिवसाला किती वेळ, हे मी ठरवू शकते. त्याला काही घ्यायचं झालं तर तो विनंती पाठवतो आणि ती माझ्याकडे येते. मी ‘हो’ म्हटलं तरच पैसे जातात. पूर्वी माझा फोन घेऊन हळूच यूपीआय उघडायचा प्रयत्न व्हायचा, तो बंद झाला.

भांडण एकाच गोष्टीवरून झालं. बापलेकांना एज ऑफ एम्पायर्स २ समोरासमोर खेळायचा होता. घरात गेम एकच घेतलेला, आणि एक प्रत एका वेळी एकालाच खेळता येते. एक खेळत असताना दुसऱ्यानं दुसरा गेम खेळावा, ते चालतं. शेवटी सेलमध्ये दुसरी प्रत घेतली. आता रविवारी दुपारी मटण झाल्यावर कुणी झोपत नाही, दोघं एकमेकांचे किल्ले पाडत असतात.

शाहूपुरी दुरुस्ती

ताई, अगदी बरोबर केलंत. एक जोडतो. फॅमिलीत कुणीही ओळखीचा घेऊ नका. तुमचा गेम वापरून त्यानं चीटिंग केलं आणि बंदी आली, तर ती मालकालाही लागू शकते. शिवाय फॅमिली सोडून दुसरीत जायचं तर वर्षभर थांबावं लागतं, आणि रिकामी झालेली जागाही तेवढाच काळ अडकते. सोय एका घरापुरतीच आहे, तालमीच्या मेंबरशिपसारखी वाटत सुटू नका.

उद्यमनगर टर्नर

दिवसभर लेथ, रात्री कमांडोज. १९९८ चा गेम. लहानपणी कॅफेत तासाला पैसे मोजून खेळलेला, आता गॉग नावाच्या ऑनलाइन दुकानातून रीतसर विकत घेतलाय. गॉगचं मला पटतं ते हे की गेमची इन्स्टॉलरची फाइल देतात, कुलूप नाही. ती हार्ड डिस्कवर ठेवली की नेट गेलं काय, कंपनी गेली काय.

पण सगळे गेम एका जागी दिसावेत म्हणून तो मी स्टीममध्ये जोडलाय. लायब्ररीत खाली डावीकडं ‘अ‍ॅड अ गेम’ आहे, त्यात ‘नॉन-स्टीम गेम’ निवडायचं आणि गेमची ईएक्सई फाइल दाखवायची. वरचं चित्रही स्वतःचं लावता येतं. याच्यानं गेम स्टीमचा होत नाही हं, तो फक्त शॉर्टकट. दुसऱ्या मशिनवर लॉगिन केलं तर तिथं काही मिळणार नाही, आणि शॉर्टकट काढला तरी गेम डिस्कवर जिथल्या तिथं. मला फायदा झाला तो कंट्रोलरचा. स्टीममधून चालू केल्यामुळं माऊसचा जुना गेम कंट्रोलरवर बसवता आला.

हॉस्टेल ब्लॉक बी

टर्नर दादा, २०२४ च्या ऑक्टोबरपासून स्टीमच्या कार्टमध्येच लिहून येतं की तुम्ही गेमचं लायसन्स, म्हणजे फक्त वापरायची परवानगी घेताय. कॅलिफोर्नियाच्या कायद्यामुळं. म्हणजे तुमचंच खरं.

उद्यमनगर टर्नर

खरं कुणाचं का असेना, स्टीमवरबी माझे गेम आहेत की. पुण्याच्या पोरांनी केलेला ‘राजी’ मी स्टीमवरच घेतला. आपल्याकडचा गेम, तिथं विकला गेलेला दिसू दे म्हणून.

कदमवाडी आय३

लॅपटॉप जुना असलेल्यांसाठी दोन ओळी. घेतल्यापासून चौदा दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असाल तर पैसे परत मिळतात. मी घेतला की आधी फक्त बघतो, हलतोय का अडकतोय. गेमचा लाँचर नुसता उघडा राहिला तरी वेळ मोजला जातो, म्हणून सेटिंग करत बसू नका. पैसे स्टीमच्या वॉलेटमध्ये घेतले की पुढच्या सेलला कामी येतात.

पेठेतला स्टॉपर

ताई, तुमच्या पोराला फुटबॉल खेळतोस का विचारा. एफसीची विनंती आली तर हो म्हणा.

राजारामपुरीची आई

विनंती कालच आलीय. सहामाही झाल्यावर बघू म्हणून सांगितलंय. तोवर स्टॉपरदादा, तुम्हीच त्याला मैदानावर घेऊन जा.