हँडहेल्ड गेमच्या केसेससाठी कपाट करायचे आहे, मापांबद्दल मदत हवी आहे

सर्वांना नमस्कार. परभणीतील घरी हँडहेल्ड (हातात धरून खेळायच्या) व्हिडिओ गेमच्या केसेससाठी, म्हणजे प्लास्टिकच्या डब्यांसाठी, भिंतीवरचे उथळ कपाट करून घ्यायचे आहे आणि सुताराने प्लाय कापण्यापूर्वी जाणकारांचा सल्ला हवा आहे.

पट्टीने मोजल्यास निन्टेन्डो स्विच या गेमयंत्राची केस साधारण १७ सेंमी उंच, १०.५ सेंमी रुंद आणि १ सेंमी जाड भरते. निन्टेन्डो डीएसची केस १३.५ सेंमी उंच, १२.५ सेंमी रुंद आणि दीड सेंमी जाड आहे, तर पीएसपीच्या (सोनीचे प्लेस्टेशन पोर्टेबल) केसची उंची स्विचपेक्षा थोडी जास्त आहे. म्हणजे कप्प्याची उंची पीएसपीवरून, पण केसेस पुस्तकांसारख्या उभ्या लावायच्या असल्याने खोली मात्र सर्वांत बुटक्या, पण सर्वांत रुंद डीएसवरून ठरते. ६० सेंमीच्या फळीवर डीएसच्या जेमतेम ४० केसेस मावतात, स्विचच्या साठाच्या आसपास. आतील खोली १४ सेंमी आणि पीएसपीच्या कप्प्याची उंची २० सेंमी ठेवली, तर वरून बोट घालून केस सहज काढता येईल का? फळ्या पक्क्या ठोकाव्यात की पिनांवर सरकत्या ठेवाव्यात? माझा कल सरकत्या फळ्यांकडे आहे.

खरी काळजी हवामानाची आहे. उन्हाळ्यातील धुळीमुळे काचेची दारे हवीशी वाटतात, परंतु कपाट घट्ट बंद राहिल्यास पावसाळ्यात दमटपणाने केसमधील कागदी कव्हरला लाटा पडतात. सिलिका जेलच्या पुड्या पुरेशा ठरतात का, की मागच्या बाजूस हवेसाठी छिद्रे ठेवावीत? शिवाय मोकळी भिंत पश्चिमेची आहे. एप्रिल-मेमध्ये ती रात्रीपर्यंत तापलेली असते. कपाट आणि भिंत यांत किती फट ठेवावी, हे अनुभवी सदस्यांनी कृपया सांगावे.