अनुभव धागा: आशियाई चवीचं चिकन सॅलड – जमलेलं, फसलेलं, पाण्यात गेलेलं

महिन्याभरात हे सॅलड मी पाच वेळा केलं. दोनदा बरं झालं, दोनदा भुकेपोटी संपलं आणि एकदा घरातल्यांनी कोबी बाजूला सारून नुसते शेंगदाणे वेचून खाल्ले.

माझं दुखणं एकच आहे, पाणी. कोबी, गाजर, काकडी उभी बारीक चिरते, शिजवलेलं चिकन हाताने सोडवून वर घालते आणि सॉय सॉस, लिंबू, मध, तिळाचं तेल असं ड्रेसिंग ओतते. टेबलावर आणेपर्यंत फोटो काढण्यासारखं दिसतं. दहा मिनिटांत वाडग्याच्या तळाशी तपकिरी डबकं! वरची कोबी अळणी, खालची खारट.

'आशियाई' हा शब्द तसा ऐसपैसच आहे. व्हिएतनामचं गोई गा, लाओस-थायलंडचं लाब, सिचुआनचं बांग बांग आणि डब्यातली संत्री नि तळलेल्या नूडल्स घातलेलं, अमेरिकेत कॅलिफोर्नियात वाढलेलं 'चायनीज चिकन सॅलड', सगळं एकाच नावाखाली खपतं. तुम्ही यातलं काहीही केलं असेल तरी लिहा. प्रमाणासकट पाककृती कुठेही मिळते. मला हवंय ते तुमचं कुठे बिघडलं आणि मग तुम्ही काय बदललं ते.

रात्रपाळी

पाण्याचं नंतर बघू, माझं चिकनच वातड व्हायचं. मी एकटा राहतो. कच्चं राहिलं तर काय घ्या, या धास्तीने चाळीस मिनिटं खळाखळा उकळायचो. सोडवायला घेतलं की रेषा सुटायच्या, पण चावताना दोरा चावल्यासारखं वाटायचं.

आता छातीचे दोन तुकडे गार पाण्यातच ठेवतो. पाणी जेमतेम वर येईल एवढंच. मीठ, आल्याच्या चकत्या, पातीच्या कांद्याची एक काडी. मंद आचेवर पाणी तापू देतो. कडेने बारीक बुडबुडे यायला लागले की पाच मिनिटं तसंच, मग गॅस बंद आणि झाकण. पंधरा-वीस मिनिटांनी सगळ्यात जाड भागात थर्मामीटर खुपसतो. ७४ अंश सेल्सियस दिसलं की बाहेर. कमी भरलं तर परत मंद आच. या वस्तूवर पैसे घालवताना जिवावर आलं होतं, पण धास्ती कायमची गेली.

आणि एक. बाहेर काढल्यावर लगेच सोडवू नका. दहा मिनिटं झाकून ठेवा, नाहीतर रस ताटात जातो. तेच गरम चिकन कोबीवर घातलंत तर कोबी वाफेनेच मान टाकते. ताई, तुमच्या डबक्यातलं थोडं पाणी हे असणार.

पळीपंचपात्र

धागाकर्तीला पाण्याचं उत्तर देते. मीठ लागलं की भाजी पाणी सोडणारच, आणि सॉय सॉस म्हणजे पातळ मीठच की. ते पाणी वाडग्यात सुटण्याऐवजी आधीच काढून टाकायचं. अर्धा किलो चिरलेल्या कोबीला एक चमचा मीठ चोळून वीस मिनिटं चाळणीत ठेवा. मग मुठीत धरून पिळा. पहिल्यांदा पिळलं तेव्हा जवळजवळ अर्धी वाटी पाणी निघालं आणि मी ते नुसतं बघत बसले. त्यानंतर ड्रेसिंगमधला सॉय सॉस निम्म्यावर आणायला विसरू नका. मी विसरले होते. त्या दिवशी सगळे रात्रभर पाणी पीत होते.

काकडी उभी कापून मधला बियांचा गाभा चमच्याने खरवडून टाका. खरा पाण्याचा साठा तिथेच असतो.

निमूट

फिश सॉस. पहिल्यांदा बाटली उघडली तेव्हा अहोंनी बाहेरच्या खोलीतून विचारलं, "नळीत काही अडकलंय का?" आंबवलेल्या मासळीचा आणि मिठाचा अर्क तो, वास असाच येणार. मी उत्साहात चार मोठे चमचे ओतले होते. चिकन कुठे आणि मासा कुठे, कळेना.

दुसऱ्या खेपेला नीट मापून केलं. एक भाग फिश सॉस, एक भाग लिंबाचा रस, एक भाग साखर, दोन-तीन भाग कोमट पाणी, वरून ठेचलेला लसूण आणि लाल मिरची. नुओक चाम या व्हिएतनामी ड्रेसिंगचा ढोबळ हिशोब असाच असतो. साखर पूर्ण विरघळल्याशिवाय चव घेऊ नका, फसगत होते. लिंबू पडलं की वास पार मागे जातो आणि 'हे कशाने एवढं छान लागतंय' असं काहीतरी उरतं. अहोंनी दोनदा घेतलं. बाटलीबद्दल मी काही बोलले नाही.

चिमूटभर

तिळाचं तेल दोन प्रकारचं असतं हे मला कोणीच सांगितलं नव्हतं. मी कच्च्या तिळांचं फिकट तेल घातलं, काहीच फरक पडेना, म्हणून आणखी घातलं, मग आणखी. सॅलड तेलकट झालं, चव शून्य. नंतर भाजलेल्या तिळांचं गडद तपकिरी तेल मिळालं आणि जुन्या सवयीने तेही तेवढंच ओतलं! घास घशाखाली उतरेना. ते तेल अत्तरासारखं वापरायचं असतं, चौघांच्या सॅलडला एक छोटा चमचा पुरे, तोही शेवटी.

भिडस्त

पीनट बटर ड्रेसिंगवाल्यांसाठी छोटीशी सूचना. त्यात लिंबू किंवा पाणी घातलं की ते आधी घट्ट होतं, फाटल्यासारखं, गोळाच होतो. मी दोन वाट्या फेकून दिल्या. तिसऱ्या वेळी चिडून आणखी दोन चमचे गरम पाणी घालून घोटत राहिले, तर एकदम सायीसारखं सैल झालं. फेकू नका, घोटा.

खवय्या क्र. २

अननस! पाहुणे येणार म्हणून आदल्या रात्री चिकनला ताज्या अननसाचा रस, आलं आणि सॉय सॉस लावून फ्रिजमध्ये ठेवलं. म्हटलं मऊ होईल. झालं की! सकाळी तुकडा उचलला तर बोटांचे ठसे उमटले, वरचा थर लगदा. अननसात प्रथिनं तोडणारं ब्रोमेलेन हे एन्झाइम असतं, कच्च्या पपईत पपेन, आल्यातही त्याच जातीचं एक असतं. अर्ध्या-पाऊण तासाचं काम मी बारा तास करू दिलं होतं. भाजल्यावर वरून पिठूळ आणि आतून कोरडं, अशी दोन्हीकडची शिक्षा. डब्यातला अननस उष्णतेतून गेलेला असतो, त्याने असं होत नाही. आता मी ताजा अननस घालतो, पण वाढायच्या वेळी, फोडी करून.

पाहुण्यांना ऑम्लेट दिलं.

आंबटगोड

वर कुरकुरीत नूडल्स घालणाऱ्यांनो, तांदळाच्या बारीक शेवया कोरड्याच, कडकडीत तेलात सोडायच्या. तेल पुरेसं तापलेलं असेल तर दोन-तीन सेकंदांत पांढऱ्याशुभ्र फुलतात. आधी एक काडी टाकून बघा. मी धीर न धरता सगळा गुच्छ टाकला, अर्ध्या फुलल्या, अर्ध्या तारेसारख्या राहिल्या. एकाच्या दाढेतलं सिमेंट निघालं. मी माफी मागितली आहे.

काळजीवाहू

थोडं गंभीर लिहिते. मुलीच्या मैत्रिणीला शेंगदाण्याची अॅलर्जी होती आणि मी कौतुकाने कूट घालून सॅलड केलं होतं. वाढण्याआधी तिने स्वतःच विचारलं म्हणून निभावलं. वरून दाणे काढून चालत नाही, उरलेला अंशही त्रास व्हायला पुरतो. तेव्हापासून दाणे, तीळ वेगळ्या वाटीत ठेवते आणि पाहुण्यांना आधी विचारते. सॉय सॉसमध्ये बहुधा गहू असतो, ज्यांना ग्लूटेन चालत नाही त्यांच्यासाठी तामारी (जपानी पद्धतीचा सॉय सॉस), तीही गहू नसलेली, बघून घ्यावी. आणि मासळी न चालणाऱ्याला फिश सॉसबद्दल सांगायलाच हवं, @निमूट, कितीही छान लागलं तरी.

लाटणं

माझं नाव याच सॅलडमुळे पडलंय. बांग बांगमधला 'बांग' म्हणजे काठी. शिजलेलं चिकन काठीने ठोकून त्याच्या रेषा सैल करायच्या आणि मग हाताने फाडायचं, अशी सिचुआनमधली रीत. माझ्याकडे लाटणं होतं. पहिल्या दिवशी कणीक कुटावी तसं कुटलं, चुराच झाला. हलक्या हाताने, तिरक्या मारात, दोन-चार ठोके बास. सुरीने कापलेल्या तुकड्यावरून सॉस घसरून जातो, फाडलेल्या चिकनच्या खडबडीत कडांत तो अडकून बसतो. एकदा दोन्ही शेजारी शेजारी ठेवून खाऊन बघा.

वर तिळाची पेस्ट, मिरचीचं तेल आणि सिचुआन मिरे. हे मिरे तिखट नसतात, जिभेला मुंग्या आणतात. आमच्या सासूबाईंना वाटलं दात काढल्यावरची भूल अजून उतरली नाही.

उरलंसुरलं

ऑफिसचा डबा म्हणून नेणाऱ्यांसाठी. काचेच्या बरणीत तळाला ड्रेसिंग, त्यावर गाजर-काकडीसारखं टणक, मग चिकन, मग कोबी, सगळ्यात वर पुदिना-कोथिंबीर. दाणे पुडीत. खाताना बरणी उलटी करायची. शिजलेलं चिकन दोन तासांहून जास्त बाहेर ठेवत नाही आणि फ्रिजमध्ये तीन-चार दिवसांच्या वर नाही. पाचव्या दिवशी एकदा धाडस केलं होतं, तपशील देत नाही.

परतीचा_प्रवासी

सगळे पाणी काढायच्या मागे आहेत. पाणी पिणारं काहीतरी घाला की! लाबमध्ये त्यासाठी भाजलेल्या तांदळाची पूड असते. कच्चे चिकट तांदूळ तेल न घालता मंद आचेवर गडद सोनेरी होईस्तोवर भाजायचे, दहा-पंधरा मिनिटं ढवळत, आणि जाडसर कुटायचे. वासानेच भूक लागते. ही पूड सुटलेला रस धरून ठेवते आणि वर दाताखाली करकर लागते. मी एकदा बारीक पीठ केलं, तर सॅलडची खळ झाली. रव्यापेक्षा थोडं जाड हवं.

म्यानमारच्या चिकन सॅलडमध्ये हेच काम भाजलेलं बेसन करतं. सोबत तळलेला कांदा आणि ज्यात तो तळला ते तेलही. लिंबू, फिश सॉस, हिरवी मिरची. हाताने कालवायचं, चमच्याने नाही. मला तर हे सगळ्यात आवडतं.

धागाकर्ती

कोण म्हणतं सॅलड सोपं असतं!

काल रात्री सहाव्यांदा केलं. @रात्रपाळी, तुमच्या पद्धतीने चिकन शिजवलं, थर्मामीटर शेजारणीचा. गार झाल्यावर दोन ठोके लाटण्याचे. @पळीपंचपात्र, कोबी पिळली, मग कोरड्या पंचात गुंडाळूनही दाबली, पंचा हिरवट झालाय. कांदा बर्फाच्या पाण्यात पंधरा मिनिटं ठेवला, त्याचा उग्रपणा गेला. ड्रेसिंग @निमूट यांचं, फक्त त्यातलं पाणी जवळजवळ वगळलं. पुदिना मात्र बोथट सुरीने चिरला, कडा काळ्या पडल्या. पुढच्या वेळी पानं हातानेच तोडेन.

शेवटी दोन चमचे भाजलेलं बेसन भुरभुरवून हाताने कालवलं. बेसन कोबीला धरून बसलं, वरचा घास आणि खालचा घास सारखाच लागला. अर्ध्या तासाने, जेवणं झाल्यावर, वाडगा तिरका करून बघितला. तळाशी चमचाभर रस होता, आंबट, खारट, थोडा तिखट. तो मी ओट्यापाशी उभी राहून पिऊन टाकला.