बांधाला जेसीबी लावू नका

(घरच्या ग्रुपवरचं बोलणं. ताई वकील आहे.)

बंटी: अण्णा, फोटो बघा. पूर्वेकडचा बांध परत कोरलाय. बोरीचं झाड आपल्या बाजूला होतं ना? आता शेजाऱ्याच्या नांगरटीत उभं आहे. हद्दीचा दगडही उपटून आडवा टाकलाय.

अण्णा: दरवर्षी नांगराचं एखादं तास आत सरकतोय तो. मागे बोललो होतो, तर म्हणाला मोजून घ्या.

बंटी: मोजायचं काय त्यात? सातबारा आपला आहे. रविवारी जेसीबी सांगतो, बांध होता तिथे घालून टाकू.

नानाकाका: मी येतो. अजून दोन माणसं आणतो.

ताई: थांबा दोघंही. बंटी, जेसीबी सांगितला असशील तर आत्ता नको म्हणून कळव. कोर्टातून सुटले की नीट लिहिते.

आत्या: ऐका रे तिचं.

ताई: जमीन आपली असली तरी सरकलेल्या पट्ट्यात आज वहिवाट त्याची आहे. आपण ती दांडगाईने काढून घेतली तर तो विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खाली सहा महिन्यांच्या आत दावा लावू शकतो. त्या दाव्यात कोर्ट मालकीत शिरतच नाही. ताबा कुणाचा होता आणि तो संमतीशिवाय, कायद्याचा मार्ग सोडून काढून घेतला का, एवढंच बघतं. म्हणजे आपलीच जमीन आपल्याला त्याच्या हाती परत द्यावी लागेल, आणि त्या निकालावर अपील नाही. पुढे मालकीचा वेगळा दावा लावून आपणच तारखा घ्यायच्या. मारामारी झाली तर फौजदारी गुन्हा वेगळाच. नानाकाका, माणसं आणू नका, हात जोडते.

बंटी: मग तेच कलम आपण त्याच्यावर लावू!

ताई: यंदा कोरलेल्या पट्ट्यापुरतं लावता येईल, सहा महिने उलटले नसतील तर. म्हणून फोटो जपून ठेव, दगड आहे तिथेच राहू दे. पण आधीच्या वर्षांत सरकलेला भाग त्यात येणार नाही. आणि बांध एकूण किती सरकलाय हे आज आपल्यापैकी कुणालाच सांगता येणार नाही. पावलं टाकून मोजलेलं कोर्टात चालत नाही.

नानाकाका: सातबाऱ्यावर क्षेत्र लिहिलेलं आहे की.

ताई: काका, सातबारा क्षेत्र सांगतो, बांध कुठून जातो ते सांगत नाही. शिवाय ती महसुलाची नोंद आहे. विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी धरतात, पण मालकी तिच्यामुळे मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने कितीदा तरी सांगितलंय. हद्द ठरते ती मोजणीतून.

अण्णा: खाजगी मोजणीदार आहे ओळखीचा. लगेच येईल.

ताई: तो आपल्या समाधानापुरता, अण्णा. उद्या तो नकाशा शेजारी मानणार नाही. भूमी अभिलेख कार्यालयात हद्द कायम मोजणीचा, म्हणजे हद्द कुठे आहे ते मोजून दाखवण्याचा, अर्ज द्या. लगतच्या सगळ्या खातेदारांना नोटीस गेलीच पाहिजे. बऱ्याच मोजण्या याच एका गोष्टीवरून पुढे वादात सापडतात. मोजणीच्या दिवशी घरातलं कुणीतरी जाणतं माणूस हजर हवं. भूकरमापक खुणा दाखवेल तिथे लगेच दगड रोवून घ्या, आणि नंतर 'क' प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, काढा. कुणाला मोजणी पटली नाही तर निमताना मोजणी, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी, मागता येते. तरीही तो हटला नाही, तर जमीन महसूल अधिनियमाच्या कलम १३५ खाली हद्दीचा वाद महसूल खात्याकडे नेता येतो. तिथे हद्द ठरली की कलम १३८ खाली चुकीचा ताबा काढण्याचा अधिकार आहे. दिवाणी कोर्टात गेलो तरी तिथेही कोर्ट कमिशनर नेमून मोजणीच करून घ्यावी लागते.

बंटी: आणि ती सलोखा योजना? दोन हजारांत काम होतं म्हणे.

ताई: २०२३ ची ना? हजार रुपये मुद्रांक, हजार नोंदणी. पण ती अदलाबदलीसाठी आहे. एकाची शेतजमीन दुसऱ्याकडे, दुसऱ्याची पहिल्याकडे, आणि तसा ताबा किमान १२ वर्षं. आपला मामला एकतर्फी आहे, त्यात बसणार नाही.

आत्या: १२ वर्षांवरून आठवलं. ओढ्याकाठचा तुकडा बाबांनी ज्यांना दिला होता ते आता म्हणतात, १२ वर्षं झाली, जमीन आमची झाली. खरं का गं? माझा जीव त्या तुकड्यात अडकलाय.

ताई: आत्या, घाबरू नकोस. नुसती १२ वर्षं भरून काही होत नाही. मालकाला उघड उघड डावलून, माझीच म्हणून, सलग ताबा ठेवला असेल तर तो विरोधी ताबा, आणि तेव्हाच मुदतीच्या कायद्यातला अनुच्छेद ६५ मालकाच्या आड येतो. आजोबांनी विश्वासाने सांभाळायला दिला असेल तर तो परवानगीचा ताबा. तो कितीही वर्षं चालला तरी आपोआप विरोधी होत नाही. पण गाफीलही राहायचं नाही. २०१९ मध्ये रविंदर कौर ग्रेवाल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय की विरोधी ताबा असलेला माणूस स्वतः वादी म्हणूनही कोर्टात येऊ शकतो. पीक पाहणीला कुणाचं नाव लागतंय ते बघितलंय का कुणी?

आत्या: नाही. पण बाबांची वही आहे पत्र्याच्या पेटीत. दर साली त्यांच्याकडून किती पोती आली ते लिहिलेलं आहे.

ताई: पोती येत होती? मग तो खंड ठरू शकतो, आणि जमीन कसणाऱ्या कुळाला हक्क देणारा कूळकायदा बघावा लागेल, तो प्रश्न अगदी वेगळा आहे. वहीचे फोटो इथे टाकू नकोस आत्या. मी शनिवारी येते, वही माझ्या हातात दे.

अण्णा: ठरलं तर. जेसीबी नाही. बंटी, उद्या सकाळी मोजणीचा अर्ज.

बंटी: बरं. जेसीबीवाल्याला नाही म्हणून कळवलं. लगतच्या गटांचे सातबारे ऑनलाइन काढतो, अर्जाला नावं लागतील.

अण्णा: उत्तरेच्या गटात दोघं भाऊ आहेत, धाकटा बाहेरगावी असतो. त्याचं नाव गाळू नकोस, नोटीस त्यालाही जाऊ दे.