माहितीपटाचं एडिटिंग: 38 तासांचं फुटेज, सुरुवात कुठून करावी?

बालाघाट_कट: लग्नाचे व्हिडिओ एडिट करणं येतं. आता अंबाजोगाईतून ऊसतोड कामगारांवर अर्ध्या तासाचा माहितीपट करायचाय. फुटेज 38 तासांचं आहे. अर्धं कॅमेऱ्याचं (सेकंदाला 25 फ्रेम), अर्धं मोबाइलचं. मोबाइलवरच्या लांब मुलाखतीत वेगळ्या रेकॉर्डरवर घेतलेला आवाज पुढं पुढं ओठांपासून सरकायलाय. शिवाय, यातच करिअर करायचं तर पुण्याची फिल्म संस्था एफटीआयआय लागतेच का?

टाइमलाइनवाला: आवाज नाही, चित्र सरकतंय. मोबाइल उजेड बघून फ्रेम रेट कमीजास्त करत राहतो. हँडब्रेक या व्हिडिओ बदलायच्या सॉफ्टवेअरमध्ये ‘कॉन्स्टंट’ निवडून त्या क्लिप 30 वर पक्क्या करा आणि मगच 25 च्या टाइमलाइनवर टाका. बसून बोलणाऱ्या माणसात फरक कळत नाही, पण कॅमेरा फिरवलेला शॉट अडखळतो. तसे शॉट जपून वापरा.

मग प्रॉक्सी, म्हणजे एडिटिंगपुरत्या हलक्या नकला. डीएनएक्सएचडी 36 या फॉरमॅटमध्ये केल्या तर तासाला साधारण 16 जीबी, म्हणजे सगळ्याला सव्वासहाशेच्या आसपास. त्यानंतर मूळ फाइलींची नावं बदलू नका, शेवटी प्रॉक्सीच्या जागी मूळ फाइली जोडताना (रिलिंक) रडकुंडीला याल. मूळ फुटेज दोन हार्ड डिस्कवर ठेवा, त्यातली एक दुसऱ्या घरी.

गोदाकाठ: लग्नात प्रसंगांचा क्रम ठरलेला असतो, इथं तो तुम्हालाच शोधायचाय. म्हणून आधी मुलाखती टाइमकोडसह (कुठल्या मिनिट-सेकंदाला काय ते) शब्दन्‌शब्द उतरवा, बोली आहे तशीच. तासाभराच्या मुलाखतीला चार-पाच तास जातात. कंटाळवाणं आहे, पण इथंच सिनेमा सापडतो. उचल, मुकादम, फडातलं काम, पोरांची शाळा अशा विषयवार पट्ट्या लावा. कागदावर क्रम ठरवा, मग असेम्ब्ली, म्हणजे त्या क्रमानं लावलेली पहिली ढोबळ जोडणी. ती दीड तासाची झाली तरी घाबरू नका.

बोलणं कापलं की चित्र उडी मारतं. तिथं मोळी बांधणारे हात, गाडी भरणं असे शॉट टाकून ती उडी झाका. मात्र एका प्रश्नाला दिलेलं ‘हो’ दुसऱ्या प्रश्नाला चिकटवायचं नाही. दिसायला सोपं असलं तरी ते खोटंच. बोलण्याच्या फटीत सन्नाटा पडला तर त्याच जागेचा नुसता आवाज लागतो. वेगळा घेतला नसेल तर मुलाखतीतल्या थांब्यांतून उचला. रंग आणि ध्वनी पिक्चर लॉकनंतरच, म्हणजे कट पक्का झाल्यावरच.

रफकट: एफटीआयआयचा एडिटिंगचा कोर्स 3 वर्षांचा, पदवीनंतरचा, प्रवेश परीक्षेवर. सोबती आणि शिस्त मिळते, पण सक्ती कुणाची नाही. दुसरा रस्ता सहायक एडिटरचा: सिंक (आवाज-चित्र जुळवणं), लॉगिंग (फुटेजच्या नोंदी), एक्स्पोर्ट. मराठवाडी बोली कानाला सरावलेला सहायक मुंबई-पुण्याच्या एडिटरला हवाच असतो. जुनी मंडळी अजून सरकारी माहितीपट बनवणाऱ्या फिल्म्स डिव्हिजनचा पत्ता सांगतील. ते 2022 मध्येच एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झालंय.

पैसे तयार मिनिटांवर ठरवू नका, आठवड्यावर ठरवा. 38 तास बघायलाच आठवडा जातो. बदलाच्या फेऱ्या दोनच, हार्ड डिस्क काम देणाऱ्याची, हे लेखी घ्या. आणि यूपीएस लावा बाबा, लाइट गेली की साधा इन्व्हर्टर चालू होईपर्यंत मशीन बंद पडतं आणि रात्रभराचं एक्स्पोर्ट पहिल्यापासून.