ओमानी साहेबांच्या गावी शुक्रवारचं जेवण: काय न्यावं, काय विचारू नये?

खर्डेघाशा
नमस्कार मंडळी. मस्कतला येऊन सात महिने झाले, हिशेबाच्या कामावर आहे. बायको आणि चार वर्षांची मुलगी गेल्या महिन्यात आल्या. आमचे ओमानी साहेब निझवाजवळच्या एका गावचे. येत्या शुक्रवारी सहकुटुंब जेवायला या, असं त्यांनी तीनदा बजावलंय.

नेटवर शोधलं तर सगळीकडे एकच वाक्य: अरब संस्कृतीत कुटुंब सर्वोच्च, ज्येष्ठांचा आदर. असं तर प्रत्येकच समाज स्वतःबद्दल लिहितो. मला त्या घरात प्रत्यक्ष काय चालतं ते हवंय.

मुख्य भीती अशी की महिनाभरापूर्वी मी साहेबांना सहज विचारलं, "तुमच्या मिसेस कशा आहेत?" ते "अल्हमदुलिल्लाह" म्हणाले आणि पुढची फाईल उघडली. सात महिन्यांत त्यांनी बायकोचं नाव एकदाही घेतलेलं नाही. घाण केली का मी? आणि जेवल्यावर किती वेळ बसायचं? बायको शाकाहारी आहे, हे सांगायचं की भाताबरोबर निभावून न्यायचं?

सिस्टरबाई
निझवा भागात अठरा वर्षं नर्स होते, त्यामुळे घरं कमी आणि घरची माणसं जास्त पाहिली. माणूस आजारी पडला की त्याचं घर कसं चालतं ते खाटेभोवती दिसतं.

आधी तुमची भीती. घाण वगैरे काही नाही, पण परत विचारू नका. पुरुषाने पुरुषाला बायकोचं थेट विचारायचं नसतं. "केफ अल-अहल", म्हणजे घरची मंडळी कशी आहेत, एवढं पुरतं. त्यात आई, बायको, पोरं सगळी आली. बाईचं नाव बाहेरच्या पुरुषांत घेत नाहीत म्हणून तर थोरल्या मुलावरून हाक मारायची पद्धत इतकी सोयीची. मुलगा सालिम असेल तर बाप अबू सालिम, आई उम्म सालिम. मला एकच मुलगी. वॉर्डातल्या बायकांनी तिच्याच नावाआधी 'उम्म' लावून टाकलं आणि माझं खरं नाव पुढे फक्त पगाराच्या कागदावर उरलं.

तुम्ही मजलिसमध्ये, म्हणजे पुरुषांच्या बैठकीच्या खोलीत बसाल (तिकडे सबला असंही म्हणतात), बायको-मुलगी आत बायकांत जातील. बायकोला सांगा, घाबरू नकोस, खरी मजा आतच असते. बाहेर पुरुष पावसावर आणि खजुरावर बोलतात, आत सगळं बोलतात. आत तिला पहिल्या दहा मिनिटांत भाऊ किती, बहिणी किती, त्यांची लग्नं झाली का, हे विचारतील. तो आगाऊपणा नाही. माणूस कुठल्या नात्यांत बसतो हे कळल्याशिवाय त्याच्याशी बोलायचं कसं, असा त्यांचा खरोखरचा प्रश्न असतो. अरबीत बापाचा भाऊ 'अम्म', आईचा भाऊ 'खाल', बापाची बहीण 'अम्मा', आईची बहीण 'खाला'. काका, मामा, आत्या, मावशी! इंग्रजीत सगळ्यांना अंकल-आंटी म्हणणाऱ्या आमच्या डॉक्टरांना हा हिशेब कधी जमला नाही, मला पहिल्या आठवड्यात जमला. फक्त एका ठिकाणी अडखळले: चुलत भावाबहिणींची लग्नं होतात, 'बिंत अम्म' म्हणजे सख्ख्या काकाची मुलगी ही जुन्या रीतीत पहिली पसंती. मी चेहरा सांभाळायला शिकले.

शाकाहाराचं आजच सांगा. भात मटणाच्याच पाण्यात शिजतो, निभावून न्यायला जाल तर फसाल. आधी सांगितलं तर वेगळं करतील आणि करताना त्यांना आनंदच होईल. पानावर बसून सांगितलं तर यजमानीणबाईला लाजल्यासारखं होईल. नेताना फळांची पेटी किंवा चांगली मिठाई न्या.

आता कहवा, म्हणजे अरबी कॉफी. बिनकानाचा छोटासा पेला, त्यात तळाशी थोडाच ओततात, वेलचीचा वास. उजव्या हातात घ्यायचा. आधी खजूर, मग कहवा. पुरे झालं की पेला हातात किंचित हलवून परत द्यायचा. नुसता परत दिलात तर पुन्हा भरतील.

आणि किती वेळ बसायचं? ते तेच सांगतात, पण तोंडाने नाही. जेवण होतं, हात धुतात, गप्पा होतात, मग मजमर फिरते, म्हणजे निखाऱ्यावर लुबान किंवा ऊद ठेवलेली धुपाटणी. ती हातात येईल, धूर कपड्यांवर घ्यायचा, पुढच्याला द्यायची. आखातात म्हण आहे: "बअद अल-ऊद, मा फी कऊद". ऊद फिरल्यावर बसणं नाही. ते "बसा की अजून" म्हणतीलच. उठायचं.

राहिलं तुमचं 'कुटुंब सर्वोच्च'. मी पाहिलं ते सांगते. खुब्याचं हाड मोडलेली एक म्हातारी दीड महिना आमच्याकडे होती. भेटीच्या वेळेला चटई, थर्मास, खजुराचा डबा आणि माणसं. एकदा मोजली, चौदा. थोरला मुलगा मस्कतला नोकरीला. तो रोज संध्याकाळी दीड-दोन तास गाडी हाकत यायचा, आईच्या कपाळाचं चुंबन घ्यायचा, दहा मिनिटं बसायचा. दोघं काही खास बोलायचीही नाहीत. मग तेवढाच प्रवास उलटा. मी एकदा म्हटलं, अहो, फोन केलात तरी चालेल. हसला आणि म्हणाला, "सिस्टर, फोनला कपाळ नसतं."

याला ते 'सिलत अर-रहिम' म्हणतात. रहिम म्हणजे गर्भाशय, एका पोटच्या माणसांशी धागा तुटू न देणं. आपल्याकडचा 'रहम' हा शब्द त्याच धातूतला. आणि हा धागा भावनेवर कमी, हजेरीवर जास्त चालतो. मयत झाली की तीन दिवस अज़ा, म्हणजे दुखवट्याला जाऊन बसणं. बाळंतिणीला भेटायला जायचं. शुक्रवारी दुपारी आजी-आजोबांच्या घरी सगळ्यांनी जेवायचं. कोण आलं नाही हे लक्षात राहतं.

नाईलकाठी
बाईंचा प्रतिसाद झकास, पण 'अरब' म्हणजे फक्त आखात नव्हे. मी कैरोत सहा वर्षं काढली. तिथे मजलिस वगैरे काही नाही, चौथ्या मजल्यावरचा फ्लॅट, बायका-पुरुष एकाच टेबलावर, आणि घरमालकीणबाई माझ्यापेक्षा मोठ्याने हसायच्या.

तिथली मला आवडलेली रीत म्हणजे सुबूअ, बाळाचा सातवा दिवस. बाळाला चाळणीत ठेवतात, आई त्याच्यावरून सात वेळा ओलांडते आणि एखादी म्हातारी पितळी खलबत्ता त्याच्या कानाशी दणादण वाजवत ओरडते, "आईचं ऐक, बापाचं ऐकू नकोस!" बाप शेजारीच उभा असतो.

लग्नाचं मात्र तिथे वाण्याच्या यादीसारखं असतं. मुलाने सोन्याची 'शबका', म्हणजे दागिन्यांची भेट द्यायची, शिवाय घरातल्या सामानाची यादी करून त्यावर सही करायची. फ्रिजपासून चमच्यांपर्यंत सगळं बायकोचं. उद्या मोडलं तर तिचं तिला परत. माझ्या शेजाऱ्याने सही करण्याआधी झुंबरावरून तासभर वाद घातला होता.

तिरकस
सगळं गोड गोड चाललंय. चौदा माणसं खाटेभोवती, कपाळाची चुंबनं. त्या घरातल्या सुनेला कोणी विचारलं का? बाईचं नाव घ्यायचं नाही, ती आत, हे बाहेर. यालाच संस्कृती म्हणायचं का?

सिस्टरबाई
तिरकस, प्रश्न रास्त आहे. मी गोड लिहिलं कारण विचारणारा जेवायला निघालाय.

ओमानच्या 1997 च्या कौटुंबिक कायद्यात मुलीचा निकाह तिचा वली, म्हणजे पालक, बहुधा बाप, लावून देतो. त्याने अडवलं तर तिला कोर्टात जाता येतं, पण बापावर कोर्टात जाणारी मुलगी मी तरी पाहिली नाही. वारशात मुलाच्या निम्मा वाटा मुलीला. त्यामागचं गणित असं सांगतात की खर्च चालवणं पुरुषाचं काम, बाईचा पैसा बाईचा. मेहेर, म्हणजे नवऱ्याने द्यायची रक्कम, तीही तिचीच, काही लग्नाच्या वेळी, काही मागाहून. लग्नानंतर नाव बदलत नाही, मरेपर्यंत 'बिंत', म्हणजे अमक्याची मुलगी, आणि पुढे बापाचंच नाव. हे सगळं कागदावर खरं. प्रत्यक्षात माझ्याबरोबरच्या एका ओमानी नर्सच्या पगारातून भावाच्या गाडीचा हप्ता जायचा. ड्यूटी संपल्यावर ती पार्किंगमध्ये गाडी चालू करून, एसी लावून पंधरा मिनिटं नुसती बसायची. मी एकदा काचेवर टकटक केली. म्हणाली, घरी गेले की सासूकडे, मग आईकडे, मग नणदेच्या बाळाला बघायला. ही पंधरा मिनिटं माझी.

दुसरी एक सांगते, मग थांबते. तिकडे शेतीला फलज असतो, डोंगरातून आणलेल्या पाण्याचे पाट. काही फलज युनेस्कोच्या यादीतही गेलेत, 2006 साली. पाणी वेळेवर मोजतात, एक 'अथर' म्हणजे साधारण अर्धा तास. ही पाण्याची वेळही वारशात येते. एक सत्तरीची बाई मधुमेहाने पाय गमावण्याच्या बेतात होती आणि ऑपरेशनच्या संमतीच्या कागदावर अंगठा द्यायला तयार नव्हती. का? तर बापाकडून आलेला तिचा अर्धा अथर पुतण्या वापरत होता. आधी त्याला बोलवा, चार माणसांसमोर कबूल करू दे, मग कापा पाय. पुतण्या आला. कबूल केलं. तिच्या कपाळाचं चुंबनही घेतलं, मेल्याने. मग अंगठा.

तिची नात त्याच इमारतीत डॉक्टर होती. 1970 च्या आधी अख्ख्या देशात मुलांच्या तीन शाळा होत्या, मुलींची एकही नाही, हे लक्षात घेऊन त्या दोघींकडे बघा. आजीने नातीसमोरही अंगठाच दिला, पण कागद दोनदा वाचायला लावून.

नाईलकाठी
"मेल्याने" ला दाद.

खर्डेघाशा
जाऊन आलो. सर्वांचे आभार.

शाकाहाराचं आधी सांगितलं होतं, बायकोसाठी डाळ, भाज्या आणि वेगळा भात. पेटी संत्र्यांची नेली. साहेब ऑफिसात असतात त्यापेक्षा घरी अर्ध्या आवाजात बोलतात, कारण त्यांचे वडील बसलेले होते. वडील उठले की सगळे उठत होते. मीही उठलो, तीन वेळा. चौथ्यांदा ते फक्त उशी सरकवत होते.

आत काय झालं ते बायकोने येताना गाडीत सांगितलं. साहेबांच्या बायकोचं नाव तिला कळलंय, मला सांगणार नाही म्हणते. मुलीची साहेबांच्या आईशी गट्टी जमली, कपाळाला कपाळ लावून खेळत होत्या. त्या आजींनी बायकोला विचारलं की तुझी आई कुणाजवळ असते. ही म्हणाली, एकटी राहते. त्यांच्या नातीने अरबीत सांगितल्यावर आजींना वाटलं, भाषांतर चुकलं. पुन्हा विचारायला लावलं.

मजमर फिरली, मी म्हणीप्रमाणे उठलो. तर साहेब म्हणाले, आता काकांकडे. तिथून त्यांच्या बहिणीकडे. दोन्हीकडे खजूर, हलवा, कहवा.

सिस्टरबाई, पेला हलवायचं तुम्ही सांगितलं होतं, मी विसरलो. तीन घरांत मिळून अकरा झाले. हे रात्री अडीच वाजता टंकतोय.